समुद्राच्या तळाचे रांजण

मे महिन्याच्या सुट्टीत बेंगळूरची नात आमच्याकडं बेळगावला येते. यंदा आली ती चित्रकलेची एक मोठी वही घेऊन. वहीच्या जोडपानावर तिनं एक समुद्र काढला होता. खरा नव्हे, तिच्या मनातला. त्याला नाव दिलेलं, बेटं दिलेली, बेटांवरच्या माणसांना भांडायला कारणंही दिलेली. आणि मधोमध एक काळा गोल काढून तो तसाच सोडलेला.

"आजी, इथं काहीतरी डेंजर पाहिजे," ती म्हणाली. "जहाज जवळ गेलं की परत येत नाही, असं. पण राक्षस नको. राक्षस सगळेच काढतात."

मी शेंगा फोडत बसले होते. तोंडातून निघून गेलं, "रांजण काढ."

"रांजण म्हणजे?"

आता काय सांगायचं! तिनं जन्मात रांजण बघितलेला नाही. तिच्या घरी भिंतीवर पाण्याचं मशीन आहे. मी तिच्याच पेन्सिलीनं कोपऱ्यात काढून दाखवला. तोंड लहान, पोट सुटलेलं, बूड परत लहान. "असले मोठे रांजण समुद्राच्या तळाला पुरलेले आहेत," मी म्हटलं, आणि माझंच मला नवल वाटलं. हे वाक्य मी पन्नास-पंचावन्न वर्षांत उच्चारलं नव्हतं.

ते वाक्य माझ्या आजीचं.

निपाणीजवळ वेदगंगेच्या काठाला माझं माहेर. आमच्यात दिवस मावळायच्या आत जेवणं उरकतात, म्हणून लहानपणी संध्याकाळ फार लांब असायची. चूल विझलेली, भांडी घासून पालथी घातलेली, आणि झोप तर कुणालाच आलेली नाही. मग आम्ही पोरं सोप्यात आजीभोवती गोळा व्हायचो. आजी तिसरी शिकलेली. पण चातुर्मासात बस्तीत शास्त्र वाचलं जायचं तेव्हा खांबाला टेकून बसलेली ही बाई एक अक्षर खाली पडू द्यायची नाही. 'त्रिलोकसार' तिनं असं कानानं पाठ केलेलं. हा ग्रंथ नेमिचंद्र सिद्धांतचक्रवर्तींचा, म्हणजे ज्यांच्या काळात चामुंडरायानं श्रवणबेळगोळला बाहुबली उभा केला त्या आचार्यांचा, हे मला पुढं कळलं. लहानपणी वाटायचं, हे सगळं आजीनं डोळ्यांनी बघून आलेलं आहे.

"आपण ऱ्हातो ते जंबूद्वीप," आजी सुरू करायची. "थाळीसारखं वाटोळं. एक लाख योजनांचं. त्येच्या भोवतीनं बांगडीसारखा लवणसमुद्र. दोन लाख योजनं रुंद. पण ह्यो समुद्र आपल्या हिरीसारखा सपाट न्हाई बरं का. एका नावंवर दुसरी नाव पालथी घातली तर कशी दिसंल? तसा. मधोमध पाणी वर उभं हाय."

"किती उभं?"

"अवसेला अकरा हजार योजनं. मग रोज थोडं थोडं चढत जातं, आणि पुनवेला सोळा हजार."

आणि ते का चढतं, तर तळाच्या रांजणांमुळं. शास्त्रात त्यांना पाताळ म्हणतात. काठापासून पंच्याण्णव हजार योजनं आत गेलं की चार दिशांना चार मोठे. वडवामुख, कदंबक, पाताळ आणि यूपकेसर. प्रत्येकाची खोली एक लाख योजन, पोटाची रुंदी एक लाख, तोंड आणि बूड दहा-दहा हजार. त्या चारांच्या मधल्या दिशांना मध्यम आकाराचे चार, आणि सगळ्यांच्या मधे मधे लहान एक हजार. लहान म्हणजे तरी हजार योजनं खोल. एकूण १००८. तीर्थंकरांच्या जन्माभिषेकाला इंद्र क्षीरसागराच्या पाण्याचे १००८ कलश आणतो, तोच आकडा. दुधाच्या समुद्रातून तेवढे कलश वर येतात, आणि मिठाच्या समुद्राच्या तळाला तेवढेच रांजण पुरलेले आहेत. आजी ह्यावर काही बोलायची नाही, नुसती दोन्ही आकडे पाठोपाठ सांगायची.

प्रत्येक रांजणाचे तीन भाग. खालच्या भागात नुसता वारा, वरच्यात नुसतं पाणी, मधल्यात दोन्ही मिसळलेलं. शुक्लपक्षात मधल्या भागातला वारा वाढत जातो. पुनवेला खालचे दोन्ही भाग वाऱ्यानं भरतात आणि पाणी वर ढकललं जातं. कृष्णपक्षात पाणी परत खाली सरकतं, आणि अवसेला वारा तळाच्या एकाच भागात उरतो. समुद्राचं चढणं-उतरणं ते हे.

मला ह्या गोष्टीची फार भीती वाटायची. एवढं पाणी मधे उभं आहे आणि आपण इथं सोप्यात वाकळ पांघरून झोपलोय!

"आजी, ते पडलं तर?"

"पडत न्हाई."

"का पडत नाही?"

"धरून ठेवल्यालं हाय. नागकुमार देव हायत. आपल्या बाजूचं पाणी बेचाळीस हजारांनी धरलंय, पलीकडचं बहात्तर हजारांनी, आणि वरचं टोक अठ्ठावीस हजारांनी."

"आपल्या बाजूला कमी का?"

"अगं, बाहेरचा घेर मोठा न्हाई का? मोठ्या घेराला माणसं जास्त लागणारच की."

ह्या उत्तरानं माझं समाधान व्हायचं. हिशेब बरोबर होता. मी डोळे मिटून आपल्या बाजूच्या बेचाळीस हजारांना एकदा मनात धन्यवाद द्यायची आणि झोपायची.

सातवीत असताना भूगोलाच्या तासाला भरती-ओहोटीचा धडा आला. गुरुजींनी विचारलं, "समुद्राला भरती कशानं येते, कुणाला ठाऊक आहे?" सगळा वर्ग गप्प. आमच्या गावात समुद्र बघितलेलं कुणी नव्हतंच. मी हात वर केला, उभी राहिले आणि एका दमात सगळं सांगितलं. वडवामुखापासून नागकुमारांपर्यंत.

गुरुजी आधी हसले. मग वर्ग हसला. गुरुजींनी फळ्यावर पृथ्वी, चंद्र आणि सूर्य काढले, आणि चंद्र पाणी कसं ओढतो ते समजावलं. समजावलं चांगलं, हे मला तेव्हाही कळलं. पण शेवटी माझ्याकडं वळून म्हणाले, "आणि रांजण घरी पाणी प्यायला ठेवायचा." त्या दिवसापासून शाळा सुटेपर्यंत माझं नाव 'रांजण' पडलं. मी थोडी जाड होते, त्यामुळं ते नाव चांगलंच चिकटलं.

घरी आले तेव्हा आजी हंड्यावर गाळणं बांधून पाणी गाळत होती. मी दप्तर फेकलं आणि ओरडले, "तुझं सगळं खोटं आहे! समुद्रात रांजण नाहीत, नाग नाहीत, काही नाही. सगळे मला हसले."

आजीनं हातातली कळशी रिकामी होऊ दिली. गाळणं उलटं करून, त्यावर थोडं गाळलेलं पाणी घालून जिवाणी भांड्यात धरली. विहिरीचे जीव विहिरीत परत सोडायचे असतात, ते काम अर्धवट टाकून चालत नाही. मग म्हणाली, "बरं."

एवढंच. रागावली नाही, वाद घातला नाही, मला जवळही घेतलं नाही. पण त्या दिवसानंतर आजीनं लवणसमुद्राची गोष्ट कधी सांगितली नाही. धाकट्या भावंडांनी मागितली तर म्हणायची, "दुसरी सांगतो." माझ्या पाठच्या दोघांना तो समुद्र माहीतच नाही. तो माझ्यामुळं आटला.

मी पुढं बी.ए. केलं, तेही भूगोल घेऊन. मनात त्या गुरुजींना काहीतरी दाखवायचं होतं की आजीला, हे मला आजही सांगता येणार नाही. १९७६ साली लग्न झालं आणि त्याच वर्षी मी पहिल्यांदा समुद्र बघितला. आम्ही आंबोली घाटानं सावंतवाडीमार्गे वेंगुर्ल्याला गेलो होतो. तिन्हीसांजेला किनाऱ्यावर लाटा अशा अंगावर येत होत्या की मासे वेचणारी एक बाई लांबून ओरडली, "मागे सर गो बाय, आज अवस आसा, उधाण येतला!"

अवस. मी तिथंच थबकले. पुस्तकात वाचलेलं होतंच. अवसेला आणि पुनवेला चंद्र-सूर्य एका रेषेत येतात, दोघांची ओढ एक होते, म्हणून दोन्ही वेळा उधाण. अष्टमीच्या सुमाराला भरती सगळ्यात लहान. पण आजीच्या समुद्रात अवसेला पाणी सगळ्यात खाली असतं. पुस्तकातलं वाक्य पायाला येऊन भिजवून गेलं तेव्हा आजीचा समुद्र खरोखरचा हातातून गेला असं वाटलं, आणि मला रडू आलं. यजमानांना वाटलं मी घाबरले.

आजीनं समुद्र कधी बघितला नव्हता. म्हणून मी एका रिकाम्या बाटलीत समुद्राचं पाणी भरून घेतलं. तीन दिवसांनी माहेरी गेले आणि मोठ्या कौतुकानं बाटली तिच्या हातात ठेवली. आजीनं ती उजेडाकडं धरली. चेहरा आधी फुलला आणि मग एकदम उतरला.

"गाळून घेतलीस?"

"समुद्राचं पाणी कोण गाळून घेतं आजी?"

"मग ह्यातले जीव? त्येंनी कुठं जायाचं आता? हिरीत सोडावं तर गोडं पाणी. मरून जातील की गं."

मी हसायला लागले. आजी हसली नाही. तिनं अण्णाला, म्हणजे माझ्या थोरल्या भावाला, हाक मारली. अण्णा सायकलवरून निपाणी स्टँडवर गेला, वेंगुर्ल्याच्या गाडीच्या ड्रायव्हरला आठ आणे आणि बाटली दिली, आणि 'हे पाणी समुद्रात ओता' म्हणून विनवून आला. ड्रायव्हरनं ओतलं की नाही, देव जाणे. पण घेतली खरी त्यानं बाटली.

त्या संध्याकाळी आजी माझ्याशेजारी सोप्यात बसली. बऱ्याच वेळानं, इतक्या वर्षांनी, तिनं स्वतःहून विचारलं, "मधी पाणी उभं दिसलं का गं?"

मी म्हटलं, "नाही आजी. सपाट होतं."

"लांब असंल," ती म्हणाली. "पंच्याण्णव हजार योजनं आत हाय ते." आणि माझ्या पाठीवरून हात फिरवला, जणू न दिसल्याचं दुःख मला झालं होतं आणि समजूत तिनं घालायची होती.

अवसेच्या उधाणाचं मात्र मी तिला सांगितलं नाही. पुढच्या वर्षी आजी गेली.

मी बेळगावात ३१ वर्षं शाळेत भूगोल शिकवला. दर वर्षी भरती-ओहोटीचा धडा आला. फळ्यावर पृथ्वी, चंद्र, सूर्य काढले, आणि रांजणाचं नाव घेतलं नाही. निवृत्त झाल्यावर आमच्या महिला मंडळाबरोबर हस्तिनापूरला गेले. तिथं ज्ञानमती माताजींच्या प्रेरणेनं जंबूद्वीपाची रचना उभी आहे. १९६५ साली श्रवणबेळगोळच्या चातुर्मासात बाहुबलीपुढं ध्यानाला बसल्या असताना त्यांना ती दिसली, आणि वीस वर्षांनी, १९८५ साली, ती पुरी झाली. मधे १०१ फुटांचा सुमेरू, आणि भोवतीनं लवणसमुद्र, त्यात नावेतून फेरी मारता येते. आमच्या मंडळातल्या बायका नावेत बसून पोरींसारख्या खिदळत होत्या. मी काठावरून वाकून वाकून तळ बघत होते. शेजारीण म्हणाली, "काय पडलं काय तुमचं?" मी म्हटलं, "हो, फार वर्षांपूर्वी."

त्यानंतर आला २०१९ चा ऑगस्ट. आमच्या भागातल्या बायकांना ते दिवस सांगायला नकोत. वेदगंगा, दूधगंगा, कृष्णा, सगळ्या एकदम चढल्या. निपाणीजवळ पुणे-बेंगळूर हमरस्ता पाण्याखाली गेला. माहेरी खालच्या गल्लीत पाणी शिरलं. अण्णा आता थकलेला, घर सांभाळते ती वहिनी. फोन लागत होता तोवर मी दर तासाला विचारत होते, पाणी कुठवर आलं? पायरीला आलं. उंबऱ्याला आलं. मग फोन लागेनासा झाला.

बस्ती उंचावर आहे. गल्लीतली सगळी माणसं तिथं गेली, जैन काय, मराठा काय, कोरवी काय, सगळीच. साठ-सत्तर माणसं, त्यात तान्ही पोरं. संध्याकाळपर्यंत जे होतं ते खाऊन संपलं. दिवस मावळल्यावर आणखी दोन कुटुंबं छातीभर पाण्यातून आली. पोरं भुकेनं आणि थंडीनं रडत होती. वहिनीनं जन्मात कधी दिवस मावळल्यावर चूल पेटवली नव्हती. पावसाळ्याची रात्र, उजेडाभोवती किडे. अंधारात शिजवायचं म्हणजे किती जीव जातात हे तिला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक. तरी तिनं बस्तीच्या मागच्या पडवीत स्टोव्ह पेटवला आणि भात टाकला. जुन्या साडीचा पदर फाडून दिव्याभोवती बांधला, किडे आत येऊ नयेत म्हणून. रात्री अकरापर्यंत शिजवत राहिली. स्वतः पाणीसुद्धा प्यायली नाही.

पाणी ओसरल्यावर बोलणी सुरू झाली. पाप वाढलं म्हणून पूर आला, असं एक जाणते गृहस्थ म्हणाले. आणि बस्तीच्या आवारात रात्रीची चूल पेटली, हेही त्यांनी त्याच श्वासात म्हटलं. वहिनीच्या तोंडावर नाही. पण गावात ऐकायला येतंच.

पंधरा दिवसांनी मी गेले तेव्हा वहिनी भिंतींचा चिखल खरवडत होती. माझ्याकडं न बघता तिनं विचारलं, "वन्सं, तुम्ही शिकलेल्या हायसा. चुकलं काय माझं?"

मी म्हटलं, "काहीतरीच काय, वहिनी!" पण ते उत्तर नव्हतं, आणि तिला ते कळलं. तेव्हापासून ती दर चतुर्दशीला निर्जळी करते. विचारलं तर म्हणते, "असाच धरलाय."

दोन वर्षांनी एक गोष्ट घडली, ती सांगण्यासाठीच हे सगळं लिहायला घेतलं. माझी एक श्वेतांबर मैत्रीण आहे. आमचं जुनं भांडण चालतं, तुमचे आकडे बरोबर की आमचे. त्यांच्या परंपरेत मोठे पाताळ चारच, पण लहान ७,८८४. वरचं टोक धरणारे नागकुमार आमचे २८,०००, त्यांचे ६०,०००. एकदा ह्यावरूनच हसत हसत बोलत होतो, तर ती म्हणाली, "आमच्या जीवाजीवाभिगम सूत्रात गौतमस्वामी भगवंतांना तुझाच प्रश्न विचारतात. लवणसमुद्र एवढा मोठा, मग तो जंबूद्वीप बुडवून का टाकत नाही?"

तोच तो, सोप्यातला प्रश्न. पडलं तर? का पडत नाही?

मला वाटलं, उत्तर नागकुमारांचंच असणार. पण तिनं पुस्तक काढून वाचून दाखवलं, तर तिथं वेगळीच यादी. जंबूद्वीपात अरिहंत आहेत, चक्रवर्ती, बलदेव, वासुदेव आहेत, साधू आहेत, साध्वी आहेत, श्रावक आहेत, श्राविका आहेत. आणि स्वभावानं भली, विनयशील, ज्यांचा राग-लोभ पातळ झालाय अशी साधी माणसं आहेत. त्यांच्या प्रभावानं लवणसमुद्र जंबूद्वीप बुडवत नाही. यादी पुढंही जाते. पर्वतांवरच्या, नद्यांवरच्या देवता येतात, आणि शेवटी असंही येतं की लोकाची स्थितीच तशी आहे. पण मी 'श्राविका' ह्या शब्दापाशीच अडकले होते. मैत्रिणीला तीनदा वाचायला लावलं.

तुम्हाला वाटेल, ही भूगोलाची बाई म्हातारपणी भोळी झाली. तसं नाही. चंद्र पाणी ओढतो, हे मी आजही शिकवीन. आणि वेदगंगा काही ती यादी बघून थांबली नाही. श्राविका होत्या, भली माणसंही होती, तरी पाणी उंबरा ओलांडून आत आलंच. भल्या माणसांच्या घरात आधी आलं, कारण त्यांची घरं खालच्या गल्लीत होती.

पण दोन गोष्टी मला त्या दिवशी लख्ख दिसल्या. एक म्हणजे आजीच्या त्या भयंकर समुद्रात कुणाचाही कोप नव्हता. इतक्या वर्षांत हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. पाणी चढतं ते वारा आणि पाणी ह्यांच्या वाट्यामुळं. देव रागावला म्हणून नाही, कुणी पाप केलं म्हणून नाही. 'पाप वाढलं म्हणून पूर आला' हे त्या जाणत्या गृहस्थांचं वाक्य आमच्या शास्त्राचं नव्हतंच. दुसरी गोष्ट म्हणजे संकट अडवणाऱ्यांची यादी करताना चक्रवर्तीच्याच पंक्तीला पाणी गाळणारी बाई बसवलेली आहे. तिचं नाव नाही, तिनं काय केलं तेही नाही. ती आहे, एवढंच तिथं कारण म्हणून दिलंय.

आजी आयुष्यभर त्या यादीत होती आणि तिला ठाऊक नव्हतं. ती तर बेचाळीस हजार नागांचा हिशेब सांगत राहिली, तोही मी बंद पाडेपर्यंत.

हे सगळं मला कळून आता काही वर्षं झाली. वहिनीला मात्र सांगितलं नव्हतं. कधी अण्णाचं आजारपण, कधी मलाच वाटायचं, दुसऱ्या परंपरेचा ग्रंथ, तिला पटेल की नाही. खरं कारण हे की, एकदा 'काहीतरीच काय' म्हणून टाळलेल्या प्रश्नाकडं परत जायला तोंड लागतं.

तर, त्या मे महिन्याच्या दुपारी नातीच्या वहीत मी रांजण काढले. मोठे चार, मध्यम चार. लहान हजार काढायला ती बसली आणि साठ-सत्तरांवर कंटाळली. वारा, पाणी, अवस, पुनव, सगळं सांगितलं. उभं पाणी सांगितलं. तिचे डोळे मोठे झाले.

"आजी, हे खरं आहे?"

मला वाटतं ह्याच प्रश्नाला मी पन्नास वर्षं घाबरत होते. गुरुजींसारखं हसायचं नव्हतं, आणि शाळेत जाऊन तिचं नाव रांजण पडावं असंही नव्हतं.

म्हटलं, "गोव्याला जो समुद्र बघितलास, त्याची भरती चंद्रामुळं येते. ते पुस्तकात आहे तसंच परीक्षेत लिहायचं. हा समुद्र माझ्या आजीनं मला दिलाय. तो नकाशावर सापडत नाही. पण तो का पडत नाही, ते मला ठाऊक आहे."

"का पडत नाही?"

मी सांगितलं. नाग सांगितले, आणि यादीही सांगितली. तिनं जरा विचार केला आणि म्हणाली, "मग माझ्या समुद्राच्या काठावर पण माणसं पाहिजेत. नुसता डेंजर काढून काय उपयोग?" आणि पेन्सिल घेऊन किनाऱ्यावर लहान लहान बायका काढायला बसली. एकीच्या हातात भांडं होतं.

मी उठले आणि वहिनीला फोन लावला. आधी अण्णाची तब्येत विचारली. मग म्हटलं, "वहिनी, पुराच्या वेळी तुम्ही मला एक विचारलं होतं. त्याचं उत्तर द्यायचं राहिलंय."

सगळं सांगितलं. गौतमस्वामींचा प्रश्न, भगवंतांचं उत्तर, श्राविका. आणि हेही सांगितलं की रात्रीच्या चुलीत जीव गेले असतील ते गेलेच, त्याला मी 'नाही' म्हणणार नाही. तुम्ही चतुर्दशी करताय ती करा. पण पूर तुमच्यामुळं आला नाही. तुम्ही होता म्हणून त्या रात्री पोरं जगली.

तिकडून बराच वेळ काही आवाज आला नाही. मला वाटलं फोन कटला.

मग वहिनी म्हणाली, "श्राविका असं लिवलंय? सरळ?"

"सरळ."

"बरं झालं सांगितलासा, वन्सं." नाक ओढल्यासारखा आवाज आला. "ठेवतो आता. पाणी गाळायला घेतलंय, गाळणं तसंच हाय हंड्यावर."